शब्दवेध : माफी

इंग्रजीतल्या 'इम्युनिटी'चे मूळ असलेला लॅटिन 'इम्युनिस' म्हणजे करभारातून मुक्त, सातारा-सांगलीकडील इनामदारांच्या भाषेत सारामाफ. आपण मात्र 'रोगप्रतिकार' हा लढाईचा शब्द पत्करला, याची मला खंत वाटते, कारण शरीर आधी स्वकीयांना माफी बहाल करते आणि मगच परक्यावर तुटून पडते. 1952 साली मुंबईत डॉ. वाय. एम. भेंडे व सहकाऱ्यांनी वर्णिलेला, कृष्णाकाठच्या कुटुंबांतूनही आढळणारा 'बॉम्बे' रक्तगट याचे प्रत्यंतर होय. एकोणिसाव्या गुणसूत्रावरील 'एफयूटी-1' हे जनुक आईबाप दोघांकडूनही निकामी मिळाले (आणि मामाची मुलगी करण्याच्या आपल्याकडील रिवाजाने हा योग अधिक संभवतो), म्हणजे तांबड्या पेशींवर 'एच' प्रतिजन घडतच नाही, व त्याच्याच पायावर उभे राहणारे 'ए' आणि 'बी'ही घडत नाहीत. वरवरच्या तपासणीत असा मनुष्य 'ओ' गटाचा भासतो. परंतु जन्मतः 'एच'ची ओळखच नसल्यामुळे त्याची प्रतिपिंडे 'ओ' रक्तालाही माफी देत नाहीत, आणि रक्तपेढीतील काचनळीत त्याच्या रक्तरसाने 'ओ' पेशींच्या गुठळ्या झालेल्या दिसतात, तेव्हाच त्याचा खरा गट उघडकीस येतो.