शंभर वर्षं उशिरा आलेली गाडी

रात्री दहानंतर महामार्गावरच्या ट्रकांची वर्दळ जरा कमी झाली, की आमच्या रोडपालीत कळंबोली यार्डातल्या इंजिनाची शिट्टी ऐकू येते. इथे नवीन राहायला आलो तेव्हा त्या शिट्टीनं झोप मोडायची. आता ती ऐकू आली नाही, तर काहीतरी राहून गेल्यासारखं वाटतं. हेच रूळ पुढे पनवेल स्थानकात जातात आणि आज बोलायचं आहे ते या स्थानकाविषयी.

सकाळी आठला तिथे उभं राहून पाहा. एका बाजूच्या फलाटांवर मुंबईच्या आणि ठाण्याच्या लोकल, दुसऱ्या बाजूला कोकणात, गोव्यात, केरळात जाणाऱ्या गाड्या. डोक्यावर फणसाचं ओझं घेतलेली आजी आणि लॅपटॉपची पिशवी सावरणारा तरुण एकाच जिन्यावर एकमेकांना धक्का देतात. हे सगळं पाहताना वाटतं, हे गाव रेल्वेवरच वाढलं असणार. प्रत्यक्षात रेल्वेनं आधी पनवेलचं नुकसान केलं आणि मग शंभर वर्षांनी ती इथे आली.

पनवेल हे मुळात बंदर. मुंबईहून पुण्याला जायचं तर होडीनं खाडीतून पनवेलला उतरायचं आणि तिथून पालखीनं, घोड्यावर किंवा गाडीनं बोरघाट चढायचा, अशी रीत होती. गव्हर्नर जॉन माल्कम यांच्या कारकिर्दीत, १८३० साली, बोरघाटातला गाडीरस्ता खुला झाला आणि देशावरचा माल बैलगाड्यांनी थेट पनवेलच्या धक्क्यावर येऊ लागला. गावात बैलगाडीची चाकं करण्याचा धंदा एवढा भरभराटीला आला, की घाट उतरून आलेला गाडीवान परतताना चाकांची नवी जोडी इथूनच घेऊन जाई. घाटाच्या उतारावर जुनी चाकं कशी खिळखिळी होत असतील, त्याची कल्पना यावरून यावी. १८५२ साली इथे नगरपालिका आली. मुंबई इलाख्यातल्या अगदी सुरुवातीच्या नगरपालिकांपैकी ती एक.

आणि पुढच्याच वर्षी, १६ एप्रिल १८५३ रोजी, बोरीबंदरहून ठाण्याला आगगाडी सुटली. १८५४ मध्ये ती कल्याणला आणि १८५६ मध्ये खोपोलीला पोहोचली. १४ मे १८६३ रोजी बोरघाटातला लोहमार्ग सुरू झाला आणि मुंबईचा माणूस गाडीत बसून सरळ पुण्याला जाऊ लागला. वाटेत कल्याण होतं, कर्जत होतं, पनवेल नव्हतं. पुण्याच्या वाटेवरचा मुख्य मुक्काम एकदम आडबाजूला पडला. कल्याणचं जंक्शन झालं आणि पनवेलला मीठ, भात, चाकं आणि पुढे मोटारींचा रस्ता उरला.

गाडी आली ती १९६० च्या दशकात, दिव्याहून. तीही उतारूंची फार कणव येऊन नव्हे. रसायनी परिसरात कारखाने उभे राहत होते, उरणकडे माल न्यायचा होता. पनवेलहून एक फाटा आपट्याकडे गेला, दुसरा उरणकडे. (हे आपटा स्टेशन पुढे १९९५ साली ‘दिलवाले दुल्हनिया ले जायेंगे’च्या शेवटच्या प्रसंगामुळे देशभर पाहिलं गेलं. नाव मात्र फार थोड्यांना ठाऊक.) तेव्हाचं पनवेल स्थानक म्हणजे गावाबाहेरचं शांत ठाणं. गाव पश्चिमेला, पूर्वेला मोकळी जमीन. नवीन पनवेल वसलं ते पुढे.

कोकणातली माणसं मात्र या रुळांकडे डोळे लावून बसली होती. बॅरिस्टर नाथ पै यांनी संसदेत कोकण रेल्वेचा आग्रह धरला. राजापूरचे खासदार मधु दंडवते १९७७ मध्ये रेल्वेमंत्री झाले आणि आपटा-रोहा मार्गाला चालना मिळाली. रोह्याला गाडी पोहोचली १९८६ मध्ये. पुढे जॉर्ज फर्नांडिस रेल्वेमंत्री असताना, १९९० मध्ये, कोकण रेल्वे महामंडळ स्थापन झालं, ई. श्रीधरन अध्यक्ष झाले, आणि २६ जानेवारी १९९८ रोजी रोह्यापासून मंगळूरजवळच्या ठोकूरपर्यंतचा मार्ग देशाला अर्पण झाला. पाचच महिन्यांनी, २९ जून १९९८ ला, बेलापूरहून लोकल पनवेलला आली. सव्वाशे वर्षांहून अधिक काळ आडबाजूला पडलेल्या गावाचं भाग्य एका वर्षात दोन बाजूंनी उघडलं.

त्या लोकलचा हिशोब सांगायला हवा. नवी मुंबईतल्या रेल्वेमार्गांच्या खर्चाचा सुमारे दोन तृतीयांश भाग सिडकोनं उचलला, उरलेला रेल्वेनं. सिडकोचा पैसा जमिनीच्या विक्रीतून येणारा, आणि जमीन होती पंचाण्णव गावांची. आमची रोडपालीही त्यात आली. मिळणारा मोबदला तुटपुंजा, म्हणून दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली शेतकरी उठले. जानेवारी १९८४ मध्ये उरण तालुक्यात पोलिसांच्या गोळीबारात पाच शेतकरी मारले गेले. त्या लढ्यातून साडेबारा टक्के विकसित भूखंड परत देण्याची योजना आली. माझ्या शेजारचे एक वृद्ध गृहस्थ लोकलच्या तिकिटाविषयी नेहमी म्हणतात, की आमचं तिकीट आम्ही आधीच काढून ठेवलंय. ते थट्टेनं म्हणतात, पण मला त्यावर कधी हसता आलेलं नाही.

हे गृहस्थ आणि मी १९ एप्रिल २०२१ च्या रात्री आपापल्या गॅलरीत उभे होतो. करोनाची दुसरी लाट होती, बाहेर पडायला बंदी होती, रुग्णवाहिकांखेरीज रस्त्यावर काही नव्हतं. आठच्या सुमारास कळंबोलीहून देशातली पहिली ऑक्सिजन एक्स्प्रेस निघाली. उघड्या वाघिणींवर सात रिकामे टँकर चढवलेले, जायचं विशाखापट्टणमला. टँकर वाघिणीवर चढले की उंची वाढते. घाट, बोगदे, पूल, वरची वीजवाहिनी, सगळ्यांचा विचार करावा लागला. म्हणून गाडी वसईमार्गे, सुरत-भुसावळ-नागपूरवरून वळवली. साडेअठराशे किलोमीटरचं अंतर तिनं सुमारे पन्नास तासांत कापलं. टँकर भरून परतले, तेव्हा तीन नागपूरला उतरले आणि चार नाशिकला.

आमच्याकडे काय, असं त्यांनी मला पलीकडून विचारलं होतं. त्यांच्या घरातही एक जण रुग्णालयात होता. माझ्याकडे उत्तर नव्हतं.

२६ एप्रिलला गुजरातेतल्या हापाहून दुसरी गाडी आली. तीन टँकर, सुमारे ४४ टन प्राणवायू. ते कळंबोलीलाच उतरले.