टँकरचालकाची अक्षरओळख

१/४
घातक रसायने वाहून नेणाऱ्या चालकाला केवळ वाहन हाकता येऊन भागत नाही. १९९३ च्या दुरुस्तीने केंद्रीय मोटार वाहन नियमांत त्याच्यासाठी तीन दिवसांचे प्रशिक्षण, तसेच इंग्रजी व किमान एका भारतीय भाषेचे लेखन-वाचन आवश्यक ठरवले.

२/४
कारण उघड होते. मालाचा धोका चालकाला लेखी कळवावा, असे हेच नियम सांगतात. तो कागद वाचताच आला नाही, तर अपघाताच्या क्षणी त्याचा उपयोग शून्य.

३/४
२०१९ मध्ये व्यावसायिक चालकांसाठीची आठवी उत्तीर्णतेची अट रद्द झाली. अल्पशिक्षितांना रोजगाराचे दार उघडले. घातक मालासाठी मात्र साक्षरतेची अट कायम राहिली.

४/४
त्याच वर्षीच्या कायदादुरुस्तीने या परवान्याची मुदत एका वर्षावरून तीन वर्षांवर नेली. चालकाचे हेलपाटे वाचले. नूतनीकरणाशी जोडलेली उजळणी मात्र लांबली.