वर्गपाठातून सापडलेले झुडूप

९ डिसेंबर १८७४ रोजी शुक्राचे सूर्यबिंबावरून अधिक्रमण झाले. ते पाहण्यासाठी ब्रिटिशांनी हिंदी महासागरातील रॉड्रिग्ज बेटावरही एक तुकडी धाडली होती. मॉरिशसच्या पूर्वेस सुमारे ५६० किलोमीटरवरचे हे डोंगराळ, ज्वालामुखीजन्य बेट. त्याचा सर्वांत उंच माथा जेमतेम ४०० मीटर. तुकडीतले तरुण वनस्पतिशास्त्रज्ञ आयझॅक बेली बाल्फोर यांनी तेथील वनस्पती नोंदवल्या. त्यांत ‘कॅफे मारॉन’, म्हणजे रानकॉफीचे झुडूप होते. ते त्यांनी रँडिया प्रजातीत घातले. आपल्याकडचा गेळाही तेव्हा याच प्रजातीत मोडे. रामोस्मानिया ही वेगळी प्रजाती १९८२ साली मानली गेली.

शेळ्यांनी आणि माणसाने बेटावरचे रान संपवले आणि विसाव्या शतकात हे झुडूप नामशेष झाले असे सर्वांनी धरले. पुढे १९८०च्या सुमारास तेथील एका शिक्षकाने विद्यार्थ्यांना परिसरातील वनस्पती हुडकायला सांगितले. एका मुलाने आणलेली फांदी तज्ज्ञांकडे गेली आणि ती कॅफे मारॉनची निघाली!

शोधाने झुडपाचे आधी नुकसानच केले. मद्याचा अंमल आणि गुप्तरोग यांवर हे औषध, असा लोकांचा समज. कुंपण ओलांडून फांद्या तोडल्या जाऊ लागल्या. १९८६ साली काही फाटे विमानाने लंडनच्या क्यू उद्यानात नेले. तेथे रोप वाढले, चांदणीसारखी पांढरी फुले भरपूर आली, पण फळ एकही धरेना. फाट्यांपासून कितीही रोपे केली, तरी सगळी त्याच एका झाडाची नक्कल. बीजाशिवाय नवी पिढी कशी होणार?

परागकण कुक्षीवर पडत. त्यांची नलिका मात्र खाली बीजांडापर्यंत पोहोचत नसे. २००३ साली कार्लोस मॅग्डालेना यांनी कुक्षीचा शेंडाच कापला आणि त्या जखमेवर पराग ठेवले. बागकामातली ही युक्ती आम्हांला प्रयोगशाळेतल्या अनेक अवजड उपायांपेक्षा सरस वाटते. अखेर फळ धरले, बिया रुजल्या, आणि त्यांतल्या काही रॉड्रिग्जला परत गेल्या.

कोवळ्या रोपांची पाने लांब, अरुंद, तपकिरी असतात. झाड मोठे झाल्यावर ती रुंद, हिरवी होतात. महाकाय कासवांना चकवण्यासाठी ही तजवीज असावी, असा एक तर्क आहे. बेटाची ती मूळची कासवे मात्र केव्हाच नामशेष झाली आहेत.