बापू नाडकर्णी : एका उपयुक्त खेळाडूच्या कारकिर्दीचे ऐतिहासिक मूल्यमापन

प्रस्तावना

क्रीडेच्या इतिहासाचे लेखन प्रामुख्याने विक्रमवीरांभोवती केंद्रित झालेले दिसते. सर्वाधिक धावा, सर्वाधिक बळी आणि गाजलेले विजय यांच्या नोंदी होतात. मात्र संघाला ज्या वेळी जे हवे ते देणाऱ्या खेळाडूचे स्थान या नोंदींत अस्पष्ट राहते. अमेरिकन बेसबॉलमध्ये अनेक जागी क्षेत्ररक्षण करू शकणाऱ्या व प्रसंगी कोणाचीही उणीव भरून काढणाऱ्या खेळाडूस ‘युटिलिटी प्लेअर’ असे म्हटले जाते. तेथेही अशा खेळाडूंकडे दीर्घकाळ राखीव खेळाडू म्हणूनच पाहिले गेले. उत्कृष्ट क्षेत्ररक्षणासाठीचा ‘गोल्ड ग्लोव्ह’ पुरस्कार १९५७ पासून दिला जात असला, तरी या खेळाडूंसाठी त्यात स्वतंत्र गट निर्माण होण्यास २०२२ साल उजाडावे लागले.

भारतीय क्रिकेटमध्ये या कल्पनेला सर्वांत जवळचे उदाहरण नाशिकच्या भूमीत सापडते. रमेशचंद्र गंगाराम तथा बापू नाडकर्णी यांचा जन्म ४ एप्रिल १९३३ रोजी नाशिक येथे झाला. डावखुरे फलंदाज, डावखुरे मंदगती फिरकी गोलंदाज आणि फलंदाजाच्या अगदी निकट उभे राहणारे निर्भय क्षेत्ररक्षक अशी त्यांची तिहेरी ओळख होती. तथापि, लोकस्मृतीत ते सलग एकवीस निर्धाव षटकांच्या एकाच विक्रमापुरते उरले आहेत. हा विक्रम त्यांच्या कारकिर्दीचे यथार्थ प्रतिनिधित्व करतो काय, या प्रश्नाचा विचार प्रस्तुत लेखात करण्यात आला आहे.

जडणघडण

पुणे विद्यापीठाची स्थापना १९४९ मध्ये झाली. त्यानंतर अल्पावधीतच, १९५०-५१ च्या हंगामात, नाडकर्णी यांनी आंतरविद्यापीठ रोहिंटन बारिया करंडक स्पर्धेत या विद्यापीठाचे प्रतिनिधित्व केले. पुढील हंगामात ते महाराष्ट्राच्या संघातून प्रथम श्रेणीचे सामने खेळू लागले. रणजी स्पर्धेत महाराष्ट्र व मुंबई हे स्वतंत्र संघ आहेत आणि मुंबईचे वर्चस्व तेव्हाही मोठे होते. त्याच मुंबईविरुद्ध ब्रेबॉर्न स्टेडियमवर नाडकर्णी यांनी आपले पहिले प्रथम श्रेणी शतक झळकावले. त्या डावात त्यांनी सदाशिव पाटील यांच्या साथीने अखेरच्या जोडीसाठी शतकी भागीदारी केली. अडचणीच्या वेळी खेळपट्टीवर तग धरण्याचा त्यांचा गुण येथेच प्रथम ठळकपणे दिसला.

डिसेंबर १९५५ मध्ये दिल्ली येथे न्यूझीलंडविरुद्ध त्यांना कसोटी पदार्पणाची संधी मिळाली; तीही विनू मंकड यांनी विश्रांती घेतल्यामुळे. न्यूझीलंडने पहिल्या डावात केवळ २ गडी गमावून ४५० धावा केल्या. अशा निर्जीव खेळपट्टीवर नाडकर्णी यांना बळी मिळाला नाही. फलंदाजीत मात्र त्यांनी नाबाद ६८ धावा केल्या. पुढील सामन्यात मंकड परतले आणि नाडकर्णी यांना संघाबाहेर जावे लागले. दुसऱ्याच्या रिकाम्या जागेवर येणे, काम चोख करणे आणि तरीही जागेची शाश्वती नसणे, हे उपयुक्त खेळाडूच्या वाट्याला येणारे प्राक्तन त्यांनी पहिल्याच सामन्यात अनुभवले.

त्या काळी भारतात क्रिकेट हा पूर्णवेळ उपजीविकेचा व्यवसाय नव्हता, हेही येथे ध्यानात घेतले पाहिजे. कसोटी सामन्याचे मानधन तुटपुंजे असे आणि चरितार्थ नोकरीवर चाले. संघातील अनिश्चित स्थान सांभाळत बारा वर्षे आंतरराष्ट्रीय क्रिकेट खेळणे ही गोष्ट या पार्श्वभूमीवर अधिक महत्त्वाची ठरते.

मद्रास कसोटी व काटकसरीचे शास्त्र

१२ जानेवारी १९६४ रोजी मद्रास येथील इंग्लंडविरुद्धच्या कसोटीत नाडकर्णी यांनी सलग २१ षटके निर्धाव टाकली. या काळात त्यांच्या लागोपाठ १३१ चेंडूंवर एकही धाव निघाली नाही. फलंदाजी करीत होते ब्रायन बोलस आणि केन बॅरिंग्टन. डावाअखेर नाडकर्णी यांचे पृथक्करण ३२ षटके, २७ निर्धाव, ५ धावा व शून्य बळी असे होते. भारताने ७ बाद ४५७ धावांवर डाव घोषित केल्यानंतर इंग्लंडने बचावाचा पवित्रा घेतला होता, हेही या आकड्यांमागचे एक कारण होय. केवळ चेंडूंचा विचार केल्यास दक्षिण आफ्रिकेच्या ह्यू टेफील्ड यांनी १९५६-५७ मध्ये डर्बन येथे १३७ चेंडूंत धाव दिली नव्हती. परंतु तेथे आठ चेंडूंचे षटक होते.

ही अचूकता योगायोगाने आलेली नव्हती. सरावाच्या वेळी खेळपट्टीवर योग्य टप्प्याच्या जागी नाणे ठेवून त्यावर चेंडू टाकण्याचा त्यांचा परिपाठ प्रसिद्ध आहे. १९६०-६१ मधील पाकिस्तानविरुद्धच्या मालिकेत कानपूर येथे त्यांनी ३२ षटकांत २३ धावा, तर दिल्ली येथे एका डावात ३४ षटकांत २४ धावा दिल्या. या दोन्ही डावांत त्यांची प्रत्येकी २४ षटके निर्धाव होती. संपूर्ण कसोटी कारकिर्दीत त्यांनी ९,१६५ चेंडू टाकले आणि प्रति षटक सरासरी १.६७ धावा दिल्या.

या काटकसरीचा अर्थ तत्कालीन भारतीय क्रिकेटच्या स्थितीशी जोडूनच लावावा लागतो. १९५९ मध्ये इंग्लंडमध्ये आणि १९६२ मध्ये वेस्ट इंडिजमध्ये भारत पाचही कसोटी सामने हरला होता. दर्जेदार वेगवान गोलंदाजांची वानवा होती. अशा संघाला एक बाजू रोखून धरणारा गोलंदाज अत्यावश्यक होता. त्याच वेळी या शैलीची मर्यादाही नाकारता येत नाही. नाडकर्णी यांना ४१ कसोटींत ८८ बळी मिळाले, म्हणजे एका बळीसाठी त्यांना सुमारे १०४ चेंडू टाकावे लागले. पाकिस्तानविरुद्धची ती मालिका आणि १९६३-६४ ची इंग्लंडविरुद्धची मालिका यांतील सर्वच्या सर्व दहा सामने अनिर्णित राहिले. धावा रोखणे म्हणजे सामना जिंकणे नव्हे, ही टीका या आकड्यांतून उद्भवते व तिचा विचार होणे आवश्यक आहे.

विक्रमापलीकडील नाडकर्णी

या टीकेचे उत्तर त्यांच्या अन्य कामगिरीत मिळते. मद्रासच्या विक्रमानंतर सुमारे महिनाभराने त्याच मालिकेतील कानपूर कसोटीत इंग्लंडने ८ बाद ५५९ धावा केल्या आणि भारतावर फॉलोऑनची नामुष्की आली. पहिल्या डावात नाबाद ५२ धावा केलेल्या नाडकर्णी यांना दुसऱ्या डावात तिसऱ्या क्रमांकावर पाठविण्यात आले. त्यांनी नाबाद १२२ धावा केल्या आणि सामना वाचला. हे त्यांचे एकमेव कसोटी शतक होय. कसोटीत त्यांची फलंदाजीची सरासरी २५.७० होती, प्रथम श्रेणीत मात्र ती ४०.३६ इतकी होती. महाराष्ट्राकडून पुढे मुंबई संघात गेल्यावर त्यांनी १९६०-६१ च्या हंगामात दिल्लीविरुद्ध नाबाद २८३ धावा केल्या होत्या. वरच्या क्रमांकाची क्षमता असलेल्या फलंदाजाने कसोटीत बहुतांशी संघाच्या सोयीनुसार खालच्या क्रमांकावर खेळणे, ही या सरासरींतील तफावतीमागील एक महत्त्वाची बाब मानता येईल.

गोलंदाज म्हणूनही ते केवळ बचावात्मक नव्हते. ऑक्टोबर १९६४ मध्ये मद्रास येथेच ऑस्ट्रेलियाविरुद्ध त्यांनी ३१ धावांत ५ व ९१ धावांत ६ असे सामन्यात एकूण ११ बळी मिळविले. भारत हा सामना १३९ धावांनी हरला आणि ही कामगिरी निर्धाव षटकांच्या छायेत झाकोळली गेली. १९६७-६८ मध्ये मन्सूर अली खान पतौडी यांच्या नेतृत्वाखाली भारताने न्यूझीलंडमध्ये परदेशातील पहिला मालिकाविजय ३-१ असा मिळविला. प्रसन्ना व बेदी हे तरुण फिरकी गोलंदाज संघात असताना पस्तिशीच्या उंबरठ्यावरील नाडकर्णी यांनी वेलिंग्टन येथे दुसऱ्या डावात ४३ धावांत ६ बळी घेतले. ही त्यांची सर्वोत्तम कसोटी कामगिरी ठरली. त्याच दौऱ्यात त्यांची कसोटी कारकीर्द संपली. मंकड यांच्या जागेवर सुरू झालेला हा प्रवास बेदी यांच्या उदयकाळी थांबला, ही बाब सूचक आहे. भारतीय डावखुऱ्या फिरकीच्या दोन महान पर्वांमधील काळ ज्यांनी सांभाळला, त्यांत नाडकर्णी अग्रभागी होते.

निवृत्तीनंतर ते १९८०-८१ च्या ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंड दौऱ्यावर भारतीय संघाचे सहायक व्यवस्थापक होते. मैदान सोडू नका, चिवटपणे लढा, हा त्यांचा आग्रह ‘छोडो मत’ या दोन शब्दांत असे. १७ जानेवारी २०२० रोजी मुंबई येथे त्यांचे निधन झाले, तेव्हा सुनील गावसकर यांनी याच शब्दांची आवर्जून आठवण काढली.

समारोप

१९१ प्रथम श्रेणी सामन्यांत ८,८८० धावा आणि ५०० बळी मिळविणाऱ्या खेळाडूची ओळख बळी न मिळालेल्या एका डावावरून व्हावी, हा इतिहासलेखनातील असमतोल आहे. मद्रासचा विक्रम खरा आहे. परंतु तो नाडकर्णी यांच्या एका गुणाचा पुरावा आहे, संपूर्ण कारकिर्दीचा सारांश नव्हे. कानपूरचे शतक सामना वाचविण्यासाठी होते, तर वेलिंग्टनचे सहा बळी जिंकण्यासाठी होते. प्रसंगाची गरज बदलली तसा खेळही बदलला. अशा खेळाडूचे मूल्य एका रकान्यातील आकड्यावरून ठरत नाही. त्याच्यासमोर त्या त्या वेळी कोणते काम होते आणि ते त्याने कसे पार पाडले, हे सामन्याच्या संदर्भात तपासावे लागते. नाशिकच्या क्रीडा इतिहासाचे लेखन करताना ही दृष्टी स्वीकारली, तर बापू नाडकर्णी यांना त्यांचे योग्य स्थान मिळू शकेल.