मेक्सिकोची जमीन आणि पांडुरंग खानखोजे

पांडुरंग सदाशिव खानखोजे हे नाव मराठी वाचकाला ठाऊक असते ते गदर चळवळीमुळे. वर्ध्यात जन्मलेला एक तरुण लष्करी शिक्षण मिळवायचे म्हणून देश सोडतो, जपानमार्गे अमेरिकेत पोचतो, कॅलिफोर्नियात माउंट टॅमलपायसच्या लष्करी शाळेत दाखल होतो, गदरच्या उभारणीत पुढे असतो आणि पहिल्या महायुद्धात इराणच्या मुलखात इंग्रजांविरुद्ध लढतो, इथवरची हकिगत रंगवून सांगितली जाते. पुढे १९२४ साली ते मेक्सिकोला गेले आणि शेतीच्या संशोधनात रमले, एवढ्या एका वाक्यात उरलेले आयुष्य आटोपते. क्रांतिकारकाने बंदूक खाली ठेवली आणि तो प्राध्यापक झाला, असा त्याचा अर्थ लावला जातो. हा अर्थ मला मुळातच चुकीचा वाटतो. मेक्सिकोतले काम हे खानखोज्यांच्या राजकारणाचे सर्वांत परिपक्व रूप होते. ते तसे का होते, हे कळायला त्यांचे चरित्र पुरत नाही. त्यासाठी मेक्सिकोने स्वातंत्र्य मिळवल्यावर शंभर वर्षांत काय भोगले ते पाहावे लागते.

१८१० च्या सप्टेंबरात मिगेल इदाल्गो या पाद्र्याने उठाव पुकारला तेव्हा त्याच्यामागे आले ते प्रामुख्याने शेतमजूर आणि मूळ रहिवासी. पण १८२१ मध्ये स्पेनची सत्ता प्रत्यक्ष संपली ती आगुस्तीन दे इतुर्बिदेच्या हातून, आणि हा इतुर्बिदे इतकी वर्षे स्पेनच्या बाजूने बंडखोरांशीच लढत आलेला सेनाधिकारी होता. बंडखोरांचा पुढारी व्हिसेंते गेरेरो याच्याशी त्याने समझोता केला. त्यात धर्म राखला गेला, स्पेनमध्ये जन्मलेले आणि मेक्सिकोत जन्मलेले गोरे एकमेकांच्या बरोबरीचे ठरले, मालमत्तांना अभय मिळाले. हासिएंदा, म्हणजे हजारो एकरांच्या जमीनदाऱ्या, जशाच्या तशा राहिल्या. इतुर्बिदे स्वतः सम्राट झाला, वर्षभरात पायउतार झाला आणि १८२४ मध्ये गोळ्या घालून मारला गेला. त्यानंतरची तीस वर्षे सांता आनासारख्या सेनापतींची. १८३६ मध्ये टेक्सास गेले. १८४६ ते १८४८ च्या युद्धात अमेरिकेने थेट राजधानी घेतली आणि ग्वादालुपे इदाल्गोच्या तहाने दीड कोटी डॉलरच्या बदल्यात प्रचंड मुलूख काढून घेतला. टेक्सास धरले तर निम्म्याहून अधिक देश गेला.

यावर लष्करी इतिहासाचा अभ्यासक म्हणेल की यात जमिनीचा संबंध कुठे आला? मेक्सिको हरला तो रिकाम्या खजिन्यामुळे, आपसांत भांडणाऱ्या सेनापतींमुळे आणि शेजारी बलाढ्य होता म्हणून. ही कारणे खरीच आहेत, ती नाकारून चालणार नाही. पण १८४७ साली त्याच देशात आणखी काय चालले होते तेही पाहू. अमेरिकी फौज किनाऱ्यावरून राजधानीकडे सरकत असताना, त्याच उन्हाळ्यात युकातानमधल्या माया शेतकऱ्यांनी उठाव केला. त्यांच्या गावांच्या जमिनी ऊस आणि गुरांच्या मळ्यांनी गिळत आणल्या होत्या, त्यात करांचे ओझे होते. ते युद्ध पुढे कित्येक दशके धुमसत राहिले. त्याहून बोलकी गोष्ट म्हणजे युकातानच्या सत्ताधारी वर्गाने १८४८ मध्ये, आपल्याच शेतकऱ्यांपासून वाचवा म्हणून, प्रदेशाचे सार्वभौमत्व परक्या देशांना देऊ केले. त्यात अमेरिकाही होती! स्वतंत्र देशाच्या जमीनदारांना परकी सत्ता चालत होती, गावकऱ्याची मागणी चालत नव्हती. अशा देशाच्या रिकाम्या खजिन्याचे आणि दुबळ्या फौजेचे कारण केवळ सेनापतींच्या स्वभावात सापडणार नाही.

बेनितो हुआरेसच्या उदारमतवाद्यांचे उदाहरण यापेक्षा अवघड आहे, कारण त्यांचा हेतू चांगला होता. झापोटेक घरात जन्मलेला हुआरेस देशाचा अध्यक्ष झाला. फ्रान्सने लादलेल्या मॅक्सिमिलियन बादशहाचा त्याने पाडाव केला आणि जून १८६७ मध्ये केरेतारोला त्याला मृत्युदंड दिला. एवढ्या मोठ्या लष्करी विजयानंतरही खेड्याला काय मिळाले? १८५६ च्या लेर्दो कायद्याने चर्चच्या जमिनी मोकळ्या करायच्या होत्या आणि त्यातून छोटे स्वतंत्र शेतकरी घडवायचे होते. पण त्याच कायद्याने गावांच्या सामाईक जमिनीही वैयक्तिक मालमत्तेत मोडल्या. विकत घेण्याची ऐपत ज्याच्याकडे होती त्याच्याकडे त्या गेल्या. पुढे पोर्फिरियो दियासने १८७६ पासून पस्तीसएक वर्षे देशावर पकड ठेवली. त्याच्या काळात रेल्वे सुमारे १९ हजार किलोमीटरपर्यंत वाढली आणि १८८३ च्या कायद्याने मोजणी कंपन्यांना मोजलेल्या पडीक जमिनीचा तिसरा हिस्सा मोबदला म्हणून मिळू लागला. पडीक कोणती हे कागद ठरवत होता, आणि कागद गावाकडे असला तरी कचेरीत त्याला किंमत नव्हती. मोरेलोस प्रांतातल्या आनेनेकुइल्को गावाने १९०९ मध्ये एमिलियानो सापाताला आपला मुख्य निवडले ते हेच स्पॅनिश राजवटीतले जुने दस्तऐवज सांभाळून हक्क मागण्यासाठी. १९१० मध्ये क्रांती पेटली, दियास गेला, मादेरो अध्यक्ष झाला. त्याने जमिनीचा प्रश्न पुढे ढकलला तेव्हा नोव्हेंबर १९११ मध्ये सापाताने आयालाचा जाहीरनामा काढून त्याच्याशीही फारकत घेतली. १९१९ मध्ये सापाताचा दगाफटका करून खून झाला. पण त्याआधी, १९१७ च्या राज्यघटनेच्या २७ व्या कलमात, जमिनीची मूळ मालकी राष्ट्राची आणि गावांना जमीन परत मिळण्याचा हक्क आहे, हे लिहिले गेले होते. स्वातंत्र्यानंतर तब्बल ९६ वर्षांनी.

खानखोजे मेक्सिकोत उतरले ते हे कलम कागदावरून शेतावर आणण्याची खटपट सुरू असताना. राष्ट्रीय कृषिशाळा चापिंगोला नुकतीच हलवली होती. चापिंगो ही आधी एका माजी राष्ट्राध्यक्षाची हासिएंदा होती, आणि तिथल्या प्रार्थनागृहाच्या भिंतींवर दिएगो रिव्हेरा जमीन आणि क्रांती रंगवत होता. या शाळेत खानखोजे शिकवू लागले. अमेरिकेतल्या कृषी महाविद्यालयांतले शिक्षण त्यांच्या गाठीशी होतेच. मक्याच्या जाती सुधारण्यावर त्यांनी भर दिला आणि तेओसिंते या मक्याच्या रानटी भाऊबंदाशी त्याचे संकर केले. पण माझ्या मते त्यांचे खरे मोठे काम प्रयोगशाळेबाहेरचे. भूवाटपात जमीन मिळालेल्या गावांमध्ये त्यांनी मोफत कृषिशाळा सुरू केल्या. त्यांतल्या एकीला सापाताचे नाव होते. रिव्हेरा या कामात त्यांच्याबरोबर होता, तिना मोदोत्तीने शाळांची आणि पिकांची छायाचित्रे काढली. शिक्षण मंत्रालयाच्या भिंतीवर रिव्हेराने रंगवलेल्या रोजच्या भाकरीच्या चित्रात भाकर मोडून देणारा माणूस खानखोज्यांच्या चेहऱ्याचा आहे.

इथे एक आक्षेप येतो आणि तो रास्त आहे. इंग्रजांनी परतीची वाट बंद केलेल्या निर्वासिताला पोटापाण्याचे काही करणे भागच होते. शेतीची पदवी होती, नोकरी मिळाली, त्यात राजकीय तत्त्वज्ञान शोधू नये. नोकरीपुरते हे मान्य. पण पगारी प्राध्यापकाला गावोगावी मोफत शाळा काढण्याची सक्ती कोणी केली नव्हती. १९२१ मध्ये मॉस्कोला जाऊन आलेल्या माणसाला पक्षकार्याची वाटही खुली होती. त्याच मेक्सिकोत मानवेंद्रनाथ रॉय यांनी १९१९ मध्ये कम्युनिस्ट पक्ष उभारून दाखवला होता. खानखोज्यांनी पक्ष निवडला नाही, जमीन हातात आलेल्या पण बियाणे, पतपुरवठा आणि माहिती यांपासून तुटलेल्या शेतकऱ्याची शाळा निवडली. मेक्सिकोचा शंभर वर्षांचा अनुभव समोर असताना केलेली ही निवड आहे, आणि ती मला फार मोलाची वाटते.

अंधेरी, बोरिवली, मुलुंड, घाटकोपर ज्या साष्टी बेटावर वसले आहेत त्याच्या इतिहासातही, सत्ता बदलल्यावर जमीन कोणाची राहते, हाच प्रश्न आहे. पोर्तुगीजांची सत्ता चिमाजी अप्पांच्या मोहिमेत संपली, १७७४ च्या डिसेंबरात ईस्ट इंडिया कंपनीने ठाणे घेतले आणि १७८२ च्या सालबाईच्या तहाने साष्टी कायमची कंपनीकडे गेली. नंतर कंपनी सरकारने अख्खी गावेच मुंबईच्या व्यापाऱ्यांना दिली. १८२९ मध्ये पवई फ्रामजी कावसजी बनाजींकडे आली, १८३० मध्ये बैरामजी जीजीभॉयांना सात गावे मिळाली. भात पिकवणारा कुणबी, आगरी, ईस्ट इंडियन आणि डोंगरातला वारली हे खोताच्या, म्हणजे या नव्या जमीनमालकाच्या, गावातले कूळ ठरले. देश स्वतंत्र झाल्यावर या इस्टेटींची सारा माफ असण्याची सवलत काढायला १९५१ साली साष्टीपुरता वेगळा कायदा करावा लागला. मेक्सिकोच्या मानाने चार वर्षे म्हणजे त्वरा म्हणायची. मात्र तोवर इथल्या जमिनीचे मोल भातावरून इमारतीवर गेले होते, आणि खोताची मालकी आजही उपनगरांतल्या कोर्टकज्ज्यांत जिवंत आहे. मुंबई आणि मोरेलोस एक नव्हेत, आपल्याकडे सापाताचे युद्ध झाले नाही. झेंडा बदलला तरी सात-बारा आपोआप बदलत नाही, एवढे मात्र दोन्हीकडे खरे आहे.

उरला सर्वांत बोचरा आक्षेप. मेक्सिकोचे भूवाटप तरी कुठे यशस्वी झाले? राष्ट्राध्यक्ष लासारो कार्देनासने १९३४ ते १९४० या काळात सुमारे १ कोटी ८० लाख हेक्टर जमीन वाटली, तरीही एहिदो नावाच्या त्या सामाईक गावशेतीचा शेतकरी पुढे सरकारी बँकेचा आणि सत्ताधारी पक्षाचा मिंधा झाला, आणि १९९२ मध्ये २७ वे कलम बदलून वाटप थांबवण्यात आले. शिवाय उत्पादन वाढले ते कृषिशास्त्रज्ञ नॉर्मन बोरलॉगच्या गव्हाने, खानखोज्यांच्या शाळांनी नव्हे. दोन्ही विधाने खरी आहेत. पण पहिले विधान खानखोज्यांच्या बाजूने बोलते. जमीन देऊन ज्ञान आणि पत वरच्यांच्या हाती ठेवली की शेतकरी मिंधा होतो, आणि गावाच्या मालकीची शाळा त्यावरच उपाय म्हणून होती. त्या शाळांना राज्यसत्तेचा टिकाऊ आधार मिळाला नाही, हे अपयश त्यांच्या विचाराच्या खात्यावर टाकता येत नाही. दुसऱ्याबद्दल असे की बोरलॉगचा गहू मेक्सिकोत बहरला तो सोनोराच्या कालव्याखालच्या मोठ्या शेतांत. १९६६ मध्ये भारताने मेक्सिकोहून १८ हजार टन बियाणे आणले तेही आधी पाणी असलेल्या मुलखात रुजले. त्याने भूक हटली, याचे श्रेय पूर्ण द्यायलाच हवे. कोरडवाहू गावातल्या लहान शेतकऱ्याचा प्रश्न त्या बियाण्याच्या कक्षेत नव्हता. स्वातंत्र्यानंतर मायदेशी परतून नागपुरात राहिलेल्या खानखोज्यांच्या भोवती तर असाच मुलूख होता. जानेवारी १९६७ मध्ये ते गेले. २०२२ साली चापिंगोच्या विद्यापीठात त्यांचा पुतळा उभा राहिला. त्यांनी तिथे स्पॅनिशमध्ये लिहिलेले मक्यावरचे लेखन, मोफत कृषिशाळांची कागदपत्रे आणि मोदोत्तीची छायाचित्रे एकत्र करून मराठीत आणण्याचे काम विदर्भातल्या एखाद्या कृषी विद्यापीठाने अंगावर घ्यावे, इतके ते मोलाचे आहे.