तोरण्यांचं यंत्र

टॉकीजच्या प्रोजेक्शन केबिनमध्ये उमेदीची वर्षं घालवली. रिळांच्या पेट्या मनमाडहून मीटरगेजच्या गाडीनं यायच्या, गाडी लेट म्हणजे शोही लेट. खालून ‘आवाज, आवाज’ अशी बोंब उठली की माझा हात आधी एक्सायटर लॅम्पकडे जायचा. फिल्मच्या कडेला आवाजाची बारीक पट्टी असते. दिव्याचा झोत तिच्यातून फोटोसेलवर पडतो आणि पडद्यामागचा कर्णा बोलतो. हा आवाज वाचणारं साउंडहेड चित्राच्या गेटच्या खाली असतं, म्हणून आवाज चित्राच्या सुमारे 20 फ्रेम पुढं छापलेला असतो. मधला फिल्मचा लूप लहानमोठा झाला की ओठ एकीकडे, संवाद भलतीकडेच, मग शिट्ट्या.

त्यामुळे बोलपटाच्या सुरुवातीचे निर्माते म्हटलं की मला आधी दादासाहेब तोरणे आठवतात. रामचंद्र गोपाळ तोरणे, जन्म मालवणचा, 1890 चा. त्यांचं नाव निघालं की लोक लगेच ‘पुंडलिक’वर घसरतात. 18 मे 1912 ला मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये तो लागला, फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’च्या वर्षभर आधी. पण ते रंगमंचावरच्या नाटकाचं चित्रण, कॅमेऱ्यामागं जॉन्सन नावाचा साहेब, फिल्म धुवायला लंडनला गेलेली. मग भारतीय चित्रपटात पहिला कोण? 2013 मध्ये हा वाद हायकोर्टापर्यंत गेला. वाद घालणाऱ्यांनी घालावा. माझ्या मते तोरण्यांची खरी कमाई ‘पुंडलिक’नंतर वीस वर्षांनी झाली.

ग्रीव्हज कॉटनमधल्या नोकरीत त्यांची बदली कराचीला झाली. तिथं बाबूराव पै भेटले आणि दोघांनी परदेशी चित्रपटांच्या वितरणात उडी घेतली. पुढं मुंबईत मूव्ही कॅमेरा कंपनी काढून स्टुडिओंना कॅमेरे पुरवायला लागले. आणि 14 मार्च 1931 ला मॅजेस्टिकमध्ये अर्देशीर इराणींचा ‘आलम आरा’ हा पहिला भारतीय बोलपट लागला. एका रात्रीत मुके स्टुडिओ जुने झाले! ज्याला त्याला ध्वनिमुद्रणाचं यंत्र हवं. ऑडिओ कॅमेक्स नावाची अमेरिकन यंत्रं तोरण्यांकडून मिळायची. त्या वर्षी अशा माणसाचा भाव काय असेल, तुम्हीच ठरवा.

पण तोरणे नुसते विकत बसले नाहीत. त्याच 1931 मध्ये पुण्यात त्यांनी सरस्वती सिनेटोन काढली. प्रभात फिल्म कंपनी कोल्हापूरहून पुण्यात आली ती 1933 ला; पुण्याच्या सिनेमाचा इतिहास प्रभातपासून सांगणाऱ्यांनी हे साल लक्षात ठेवावं.

सरस्वतीचा पहिला बोलपट ‘श्यामसुंदर’, 1932. दिग्दर्शक भालजी पेंढारकर. कृष्ण म्हणून घेतला आमच्या शेजारच्या अहमदनगरचा शाहू मोडक. जन्म 1918 चा, म्हणजे मिसरूडही न फुटलेला पोरगा, घर ख्रिस्ती. सोबत शांता आपटे. दोघांची निवड चेहऱ्यापेक्षा गळ्यावर झाली असणार, असं मला वाटतं. पार्श्वगायन आपल्याकडे 1935 ला आलं. तोवर कॅमेऱ्यासमोर ज्याचे ओठ हलायचे, त्यालाच गावं लागायचं. पेटी, तबला दृश्याबाहेर दडवून ठेवायचा, माइक झाडामागं नाहीतर कपड्यात. कुणी खोकला की पुन्हा पहिल्यापासून. त्यातून काही यंत्रांत आवाज आणि चित्र एकाच फिल्मवर उतरायचं. आवाज पुढं, चित्र मागं. चित्र बघून कात्री लावली तर शब्द तुटायचा. आज मोबाइलवर कापाकापी करणाऱ्या पोरांना हे सांगितलं तर ती हसतात.

‘श्यामसुंदर’ गिरगावातल्या वेस्ट एंडला पंचवीस आठवड्यांहून अधिक चालला. भारतीय चित्रपटाचा पहिला रौप्यमहोत्सव म्हणून त्याचंच नाव घेतात. पुढच्या वर्षी ‘औट घटकेचा राजा’ आला आणि त्यात मोडकांना दुहेरी भूमिका. एक पडदा, एक नट, दोन माणसं, दोघं बोलतायत. त्या काळच्या कॅमेऱ्यावर हे जमवायला निर्मात्याला यंत्राची जाण लागते. नुसते पैसेवाले तेव्हाही पुष्कळ होते.

पुढं चित्रपट निघत राहिले, पण ती झेप पुन्हा नाही. प्रभातकडे शांताराम होते, दामले-फत्तेलाल होते. सरस्वती मागं पडली, शेवटी हातातून गेली. 19 जानेवारी 1960 ला तोरणे वारले.

आपल्या छत्रपती संभाजीनगरात अजिंठा-वेरूळ चित्रपट महोत्सव साधारण जानेवारीतच भरतो. आयोजकांना विनंती आहे की त्यात एक दुपार सरस्वती सिनेटोनसाठी ठेवा, आणि ‘पहिला कोण’ हा विषय त्या दिवशी काढू नका.