तारेवरचे कवच : गटापर्चापासून पीव्हीसीपर्यंत

घरातल्या विजेच्या तारेत मोल तांब्याचे असते. माणसाचा जीव मात्र त्यावरच्या मिलिमीटरभर आवरणाच्या भरवशावर असतो. त्या आवरणाच्या कसोट्या कशा ठरत गेल्या, त्याचा हा इतिहास. 🧵

१८४३ मध्ये डॉ. विल्यम माँटगोमेरी यांनी सिंगापूरहून गटापर्चाचे नमुने लंडनला पाठवले. मलायी जंगलातल्या झाडाचा हा चीक गरम पाण्यात मऊ होतो आणि थंड होताच घट्ट बसतो. १८७० मध्ये ‘ग्रेट ईस्टर्न’ या अजस्र जहाजाने मुंबईहून एडनच्या दिशेने तारायंत्राची केबल समुद्रात सोडली, तिचे तांबे याच चिकात लपेटलेले होते.

समुद्रतळाशी गटापर्चा वर्षानुवर्षे टिके. हवा आणि ऊन लागले की मात्र तो ठिसूळ होऊन तडकतो. घराच्या भिंतीवर त्याचा उपयोग नव्हता.

तिथे गंधक घालून पक्के केलेले रबर आले. मुंबईत १९०५ मध्ये वीजपुरवठा व ट्रामची कंपनी स्थापन झाली, १९०७ मध्ये विजेची ट्राम धावली. त्या काळच्या घरगुती तारेत तांब्यावर कथलाची कल्हई असे. कारण मोठे गमतीचे आहे : रबरातले गंधक उघड्या तांब्याला खाते! त्यावर रबर, त्यावर सुती वेणी आणि आधाराला सागवानी पट्टी. पण रबरही म्हातारे होते. ते सुकते, भेगाळते, आणि वरची वेणी शाबूत असल्याने आतली भेग दिसत नाही.

१९२६ मध्ये अमेरिकेत वाल्डो सेमन यांनी पीव्हीसीला तेलासारखी द्रव्ये मिसळून लवचिक केले. महाराष्ट्रात पुण्याच्या फिनोलेक्सने १९५८ पासून पीव्हीसीच्या तारा बनवल्या.

पीव्हीसीची खोड निराळी. उष्णतेने त्यातले मऊपणा देणारे द्रव्य हळूहळू उडून जाते. म्हणून नवी तार चांगली दिसते, एवढ्यावर भागत नाही. ती जुनी झाल्यावर कशी वागेल, हे आधीच पाहावे लागते. १९४७ मध्ये स्थापन झालेल्या भारतीय मानक संस्थेच्या आय.एस. ५८३१ या मानकात साधे, ७० अंश सेल्सिअसचे पीव्हीसी दर चौरस मिलिमीटरला किमान १२.५ न्यूटन ताण सोसले पाहिजे आणि तुटण्याआधी मूळ लांबीच्या किमान दीडपट लांबीची वाढ दाखवली पाहिजे. मग नमुने भट्टीत मुद्दाम ‘म्हातारे’ करून पुन्हा ओढून पाहतात. खडूची भुकटी बेसुमार मिसळलेला स्वस्त माल बहुधा इथेच उघडा पडतो.

दुसरी कसोटी पाण्याची : केबल पाण्यात बुडवून तिच्यावर वापराहून कितीतरी जास्त दाब देतात. जव्हार-मोखाड्याकडच्या वांगणीसारख्या डोंगरी गावाचा पावसाळा डोळ्यांपुढे आणला की तिचे मोल कळते. कुडाची भिंत ओली असते, आणि आवरणाला पडलेली एक चीर त्या ओलीतून वीज माणसापर्यंत पोहोचवू शकते.

मानक असणे आणि ते बंधनकारक असणे, यांत मात्र मोठे अंतर होते. १९५२ च्या कायद्याने आय.एस.आय. चिन्ह आले, ते घेणे मुळात ऐच्छिक होते. घरगुती पीव्हीसी तारांना २००३ च्या केंद्र सरकारी आदेशाने ते सक्तीचे केले. ज्या ग्राहकाला तारेची पारख करता येत नाही, त्याच्या दृष्टीने मानकाच्या कागदापेक्षा या आदेशाचेच महत्त्व अधिक.

पीव्हीसी जळताना हायड्रोजन क्लोराइडचा दाहक धूर निघतो. म्हणून क्लोरीनसारखी हॅलोजन द्रव्ये वर्ज्य करणाऱ्या ज्वालारोधक तारांसाठी २०१८ मध्ये आय.एस. १७०४८ हे वेगळे मानक निघाले.